नोटीस भावाने घेतली, नाव बहिणीचं गेलं: महसूल प्रकरणात 'बाजू ऐकली' म्हणजे नेमकं काय?

निफाड तालुक्यात माहेर असलेल्या एका ताईंचा प्रश्न थोडक्यात असा आहे. वडील वारल्यावर आई, दोन भाऊ आणि दोन बहिणी अशी सगळ्यांची वारस नोंद झाली, सातबाऱ्यावर नावं लागली. काही वर्षांनी मोठ्या भावाने तहसील कार्यालयात अर्ज दिला की बहिणींनी हक्क सोडलेला असताना त्यांची नावं चुकून लागली आहेत, तेव्हा लेखनप्रमाद, म्हणजे लिहिण्यातली चूक, समजून दुरुस्ती करावी. तहसीलदारांनी महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 155 खाली आदेश केला आणि दोघी बहिणींची नावं कमी झाली. आदेशात एक वाक्य आहे: "सर्व हितसंबंधितांना नोटीस बजावण्यात आली व म्हणणे मांडण्याची पुरेशी संधी देण्यात आली." ताई लग्नापासून नाशिकरोडला राहतात. नोटीस माहेरच्या पत्त्यावर गेली आणि धाकट्या भावाने सही करून घेतली. आईने सोसायटीच्या कामासाठी उतारा काढला तेव्हा हे उघड झालं. तोवर आदेशाला कित्येक महिने उलटून गेले होते.

ताई विचारतात: आमचं ऐकूनच घेतलं नाही, म्हणजे आदेश आपोआप रद्द ना? थेट हायकोर्टात जाऊ का? आणि एवढ्या एका मुद्द्यावर नावं परत लागतील का?

पहिल्या प्रश्नाचं उत्तर 'नाही' असं आहे. दुसऱ्याबाबत सांगतो, तुमच्या प्रकरणात आधी प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, अपील करा. तिसरा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा. फक्त 'ऐकून घेतलं नाही' यावर अडून बसलात, तर बहुधा पुन्हा सुनावणी मिळेल, नाव मिळणार नाही. नाव परत लावायचं असेल तर संधी मिळाली असती तर तुम्ही काय सांगितलं असतं, ते आज कागदावर तयार पाहिजे. मी नाशिकमध्ये महसुली प्रकरणं चालवतो. मंडळ अधिकाऱ्यासमोरच्या तक्रारी नोंदीपासून नाशिकरोडच्या विभागीय आयुक्त कार्यालयातल्या पुनरीक्षणापर्यंत मला हेच दिसतं की सुनावणीच्या मुद्द्यावर लोक जिंकतात आणि फेरसुनावणीत मोकळ्या हाताने उभे राहतात.

आधी मनावरचं ओझं थोडं कमी करा. सातबाऱ्यावरून नाव गेलं म्हणून तुमची मालकी गेलेली नाही. फेरफार नोंद, म्हणजे हक्कातल्या बदलाची महसुली दप्तरातली नोंद, महसूल वसुलीपुरती असते, तिने हक्क निर्माण होत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1996 च्या सावर्णी प्रकरणापासून 2021 च्या जितेंद्र सिंग निकालापर्यंत अनेकदा सांगितलं आहे. पण कलम 157 प्रमाणे नोंद खोटी ठरेपर्यंत खरी धरली जाते. बँक, सोसायटी, खरेदीदार, भूसंपादन अधिकारी सगळे उताराच बघतात. म्हणून ती नोंद तशीच राहू देणं धोक्याचं आहे.

आता कलम 155. ही तरतूद लेखनप्रमादासाठी, आणि ज्या चुका सगळे हितसंबंधित कबूल करतात त्यांच्यासाठी आहे. गट नंबर लिहिताना 142 चा 124 झाला, क्षेत्रात दशांश चिन्ह सरकलं, मंजूर फेरफारातलं एक नाव उताऱ्यावर चढायचं राहिलं, ही खरी 155 ची कामं. दोन बहिणींनी हक्क सोडला होता की नाही, हा लेखनप्रमाद कसा होईल? तो हक्काचा वाद आहे. आणि स्थावर मिळकतीतला हक्क सोडायचा तर हक्कसोडपत्र नोंदणीकृत लागतं. आदेशात दस्ताचा क्रमांक आणि दुय्यम निबंधक कार्यालयाचं नाव आहे का, ते आधी पाहा. नसेल, आणि नुसतं 'तोंडी हक्क सोडला', 'साध्या कागदावर लिहून दिलं' किंवा 'तलाठ्यापुढे जबाब दिला' असं असेल, तर तुमच्या अपिलाचा कणा तिथेच सापडला. त्याच कलमाच्या परंतुकात, म्हणजे त्याला जोडलेल्या अटीत, असंही लिहिलं आहे की तपासणीत अधिकाऱ्याला स्वतःला चूक दिसली तरी पक्षकारांना नोटीस दिल्याशिवाय आणि हरकती निकाली काढल्याशिवाय दुरुस्ती करायची नाही. अधिकाऱ्याच्या स्वतःच्या नजरेला आलेल्या चुकीलाही नोटीस लागते, तर भावाच्या अर्जावर बहिणींची नावं काढायला ती किती काटेकोर लागेल, याचा विचार करा.

काही कार्यालयांत उत्तर मिळतं की हे प्रशासकीय काम आहे, कोर्ट नाही. ते मनावर घेऊ नका. 1969 सालच्या क्रायपाक प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की प्रशासकीय आणि न्यायिकवत (न्यायालयासारख्या) कामातली रेषा पुसट होत चालली आहे आणि माणसाच्या हक्काला धक्का लागत असेल तर नैसर्गिक न्यायाची तत्त्वं दोन्हीकडे पाळावी लागतात. महसुली चौकशीसाठी तर एवढं लांब जायचीही गरज नाही. संहितेच्या कलम 237 मध्येच आहे की सुनावणी आणि निर्णय खुल्या जागी व्हावेत आणि पक्षकारांना हजर राहण्याची रीतसर नोटीस मिळावी.

नोटिशीचा मुद्दा तुमच्या प्रकरणात फार बोलका आहे, म्हणून त्यावर जरा थांबतो. नाशिक जिल्ह्यात, आणि मला वाटतं सगळ्या महाराष्ट्रात, विवाहित बहिणींच्या बाबतीत हे वर्षानुवर्षं चाललं आहे. अर्जदार भाऊ अर्जात बहिणीचा पत्ता माहेरचाच लिहितो. कोतवाल नोटीस घेऊन वस्तीवर जातो. घरात जो असेल तो सही करतो. पोच प्रकरणात लागते आणि कार्यालयाच्या दृष्टीने बजावणी पूर्ण होते. यात कोणाचा वाईट हेतू असेलच असं नाही, कोतवालाकडे त्या दिवशी पंधरा नोटिसा असतात. पण ज्याच्या विरोधात म्हणणं मांडायचं त्याच्याच घरात नोटीस देऊन ती बहिणीला पोचली असं धरता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेतही, आदेश 5 नियम 15 मध्ये, माणूस घरी नसेल तर कुटुंबातल्या सज्ञान व्यक्तीला समन्स देता येतं, पण ती व्यक्ती त्याच्यासोबत राहणारी असावी लागते. तुम्ही निफाड तालुक्यातल्या त्या घरात राहतच नाही. नाशिकरोडच्या पत्त्याचं आधार कार्ड, रेशन कार्ड, मुलांच्या शाळेचे दाखले, वीजबिल, जे जुनं सापडेल ते काढा. आदेशाच्या आधीच्या तारखेचे कागद हवेत. आणि भावाला तुमचा पत्ता माहीत होता हे दाखवणारी गोष्ट शोधा. त्याने पाठवलेली लग्नपत्रिका, कुरिअरची पावती, काहीही. माहीत असूनही अर्जात चुकीचा पत्ता दिला, हे एकदा दाखवता आलं की पुढचं बरंच सोपं होतं.

पण हे सगळं सिद्ध होतं ते नस्तीतून, म्हणजे प्रकरणाच्या फाइलमधून. म्हणून वकील नेमण्याच्या आधी, किंवा नेमला की त्याच दिवशी, तहसील कार्यालयात दोन अर्ज द्या. एक आदेशाच्या आणि संपूर्ण प्रकरणाच्या नकलेसाठी, दुसरा नस्तीच्या पाहणीसाठी. दोन्हींवर आवक शिक्का घ्या. लोक फक्त आदेशाची नक्कल घेऊन येतात. आदेशात अधिकाऱ्याने काय लिहिलं तेवढंच कळतं. प्रत्यक्षात काय घडलं ते रोजनाम्यात असतं.

रोजनामा म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची नोंद. साधारण अशी दिसते: तारीख, मग "अर्जदार हजर. सामनेवाले 3 व 4 गैरहजर. नोटिशीची पोच प्राप्त. अर्जदार यांचा युक्तिवाद ऐकला. प्रकरण आदेशासाठी बंद." खाली हजर असणाऱ्यांच्या सह्या. हा कागद हातात आला की एकेक तारीख ताडून पाहा. नोटिशीत सुनावणीची तारीख कोणती होती आणि पोचेवर सहीची तारीख कोणती? सुनावणी 12 तारखेची आणि नोटीस घेतल्याची सही 14 तारखेची, असं मी नस्तीत प्रत्यक्ष पाहिलेलं आहे. पोचेवर सही कोणाची, नातं लिहिलंय का, बजावणाऱ्याने पाठीमागे काय शेरा मारला? नोटीस एकाच कागदावर चौघांच्या नावाने काढली की प्रत्येकाला स्वतंत्र? एकाच तारखेला प्रकरण सुरू आणि बंद झालं का? रोजनाम्यातली शेवटची तारीख आणि आदेशाची तारीख यांत किती अंतर आहे, आणि मधल्या काळात कोणाचा अहवाल आला का?

या शेवटच्या गोष्टीकडे विशेष लक्ष द्या. बरेचदा प्रकरण बंद झाल्यावर तलाठ्याचा, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याचा, किंवा मंडळ अधिकाऱ्याचा अहवाल मागवला जातो आणि आदेश त्याच्यावरच उभा राहतो. तुम्ही सुनावणीला हजर राहिला असतात तरी तो तुम्हाला दिसला नसता. आपल्या पाठीमागे गोळा केलेला पुरावा आपल्याविरुद्ध वापरायचा असेल तर तो आधी दाखवला पाहिजे, हा नियम जुना आहे. 1954 च्या ढाकेश्वरी कॉटन मिल्स प्रकरणात आयकराच्या संदर्भात तो सांगितला गेला आणि 2022 मध्ये टाकानो विरुद्ध सेबी या निकालात चौकशी अहवालाच्या बाबतीत पुन्हा ठामपणे मांडला गेला.

दिंडोरी-निफाडकडच्या रस्ता केसेसमध्ये हे अगदी ठळक दिसतं. द्राक्षबागेतून ट्रॅक्टरला वाट हवी म्हणून मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली किंवा संहितेच्या कलम 143 खाली अर्ज येतो. तहसीलदार स्थळपाहणीला येतात. ऑक्टोबर छाटणीची धांदल चालू, बागवाला मजूर आणायला पिंपळगावला गेलेला, आणि बांधावर हजर फक्त अर्जदार आणि त्याने आणलेले दोन पंच. पंचनाम्यात लिहिलं जातं की वहिवाटीचा रस्ता दिसून आला, चाकोरीच्या खुणा आहेत. त्या चाकोऱ्या बागेत फवारणीला जाणाऱ्या मालकाच्याच ट्रॅक्टरच्या आहेत, हे सांगायला तिथे कोणी नसतं. स्थळपाहणीची आगाऊ नोटीस नाही, पंचनाम्याची प्रत नाही, त्यावर म्हणणं मांडायला तारीख नाही, आणि आदेशाचा सगळा भार त्याच पंचनाम्यावर. समोरासमोर तारखा झालेल्या असल्या तरी याला ऐकून घेणं म्हणत नाहीत. अशा वेळी पाहणी झाल्याचं कळताच लेखी अर्ज द्या: पंचनाम्याची प्रत द्यावी, त्यावर म्हणणं घ्यावं, उभयपक्षांच्या हजेरीत पुन्हा पाहणी करावी. अर्ज नामंजूर झाला तरी बिघडत नाही, तो नस्तीत राहतो आणि पुढे अपिलात उपयोगी पडतो.

ज्याने ऐकलं त्यानेच निर्णय द्यायचा, ही दुसरी गोष्ट. आंध्र प्रदेशातल्या गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात 1959 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की एकाने ऐकायचं आणि दुसऱ्याने ठरवायचं असं झालं तर प्रत्यक्ष सुनावणी पोकळ उपचार ठरते. आपल्याकडे बदल्यांचा हंगाम आला की हे घडतं. युक्तिवाद एका साहेबांपुढे होतो, प्रकरण आदेशासाठी बंद होतं, साहेब बदलून जातात आणि आदेशावर सही नव्या साहेबांची येते. तुमच्या नस्तीत आदेशाखालचं नाव आणि रोजनाम्यातलं नाव एकच आहे का, ते बघा. आणि ज्यांचं प्रकरण आज बंद अवस्थेत आहे आणि साहेबांची बदली झाली आहे, त्यांनी गप्प बसू नये. नव्या अधिकाऱ्याला एका पानाचा अर्ज द्या की प्रकरण पुन्हा सुनावणीला घ्यावं. निकाल विरुद्ध गेल्यावर ही हरकत पहिल्यांदा काढली, तर वरचा अधिकारी विचारतो, तेव्हा का बोलला नाहीत?

कारणमीमांसेबद्दल थोडंच सांगतो, कारण ते बऱ्याच जणांना माहीत असतं. आदेशात 'कागदपत्रांचे अवलोकन केले असता अर्जदाराच्या म्हणण्यात तथ्य दिसून येते' एवढंच असेल तर ती कारणं नव्हेत. आणि नंतर अपिलात किंवा रिटमध्ये (हायकोर्टातल्या याचिकेत) प्रतिज्ञापत्र करून कार्यालयाला नवी कारणं जोडता येत नाहीत. मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून, म्हणजे 1978 पासून, हा नियम पक्का आहे.

आता तुमच्या 'आपोआप रद्द' या शब्दांकडे येतो. लोकांचा समज असतो की नोटीस नाही म्हणजे आदेश कचऱ्याच्या टोपलीत. या समजामागे काही आधार आहे. इंग्लंडमध्ये 1863 साली कूपर विरुद्ध वॉन्ड्सवर्थ बोर्ड हा खटला झाला. मंडळाला आगाऊ सूचना न देता घर बांधलं म्हणून मंडळाने एक शब्द न विचारता ते पाडलं. कायद्यात सुनावणीची तरतूद नव्हती, तरीही कोर्टाने म्हटलं की कायद्याने सोडलेली ही जागा न्यायाची तत्त्वं भरून काढतील. आपल्याकडे 1980 च्या एस. एल. कपूर विरुद्ध जगमोहन या निकालात तर असं म्हटलं गेलं की ऐकून न घेणं हीच हानी आहे, वेगळी हानी दाखवायची गरज नाही. पण नंतर प्रवाह वळला. 2000 च्या अलीगढ मुस्लिम विद्यापीठ प्रकरणात आणि 2020 मध्ये सुधीर कुमार सिंग प्रकरणात न्यायालयाने सांगितलं की नुसता नियमभंग पुरेसा नाही, त्यामुळे प्रत्यक्ष काय नुकसान झालं तेही दिसलं पाहिजे. आज अपिलात वा रिटमध्ये उभं राहिलं की समोरून पहिला प्रश्न येतो: नोटीस मिळाली असती तर तुम्ही वेगळं काय सांगणार होता?

त्या प्रश्नाचं उत्तर तुमच्याकडे आहे. नोंदणीकृत हक्कसोडपत्र नाही, हे एक. हिंदू वारसा कायद्यात 2005 साली झालेल्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच हक्क आहे आणि विनीता शर्मा निकालाने 2020 मध्ये त्यावरच्या शंका मिटवल्या, हे दुसरं. मूळ वारस फेरफार रीतसर प्रमाणित झाला होता, त्यावर कोणी अपील केलं नव्हतं, हे तिसरं. मुलींच्या लग्नाला खर्च केला म्हणून हक्क संपला, असं भाऊ म्हणत असेल तर त्याला कायद्यात आधार नाही. हे सगळं अपिलाच्या मेमोतच लिहा. 'संधी मिळाली असती तर पुढील कागदपत्रं दाखल केली असती' असं म्हणून कागद जोडा.

आणि हो, चुकीचा असला तरी तो आदेश आहे. कोणी रद्द करेपर्यंत तलाठी त्यानुसार नोंद धरणार. तो मान्यच नाही म्हणून नुसतं घरी बसलात तर मुदत मात्र निघून जाईल.

अपील निफाडच्या प्रांताकडे, कलम 247 खाली. कलम 250 प्रमाणे मुदत 60 दिवस, आणि ती आदेश तुम्हाला मिळाल्याच्या तारखेपासून मोजायची असते. नक्कल मिळायला लागलेला वेळ त्यातून वगळला जातो. तरीही कलम 251 खाली विलंबमाफीचा अर्ज सोबत जोडाच. मुदतीत आहोत असं आपल्याला वाटतं, समोरचा पोचेवरची तारीख दाखवतो आणि मग धावपळ होते. त्या अर्जात 'अलीकडेच समजले' असं मोघम लिहू नका. आईने उतारा कोणत्या तारखेला काढला, कोणाकडून कळलं, नकलेचा अर्ज कधी दिला, नक्कल कधी मिळाली, हे तारीखवार लिहा. उताऱ्यावरची छापील तारीख तुमच्या बाजूने बोलते. विलंबाबाबत कोर्टांनी उदार राहावं, हे 1987 च्या कातिजी निकालापासून चालत आलं आहे, पण औदार्याला धरायला काही तपशील लागतो. त्याच दिवशी कलम 256 खाली स्थगितीचा अर्ज द्या.

हायकोर्टाबद्दल. पर्यायी दाद उपलब्ध असली तरी नैसर्गिक न्यायाचा भंग असेल तर रिट चालू शकते, हे 1998 च्या व्हर्लपूल निकालात आहे. लोक तेवढंच वाचून मुंबईची गाडी धरतात. तुमच्या प्रकरणात मी तसं करणार नाही. पोचेवरची सही कोणाची, तुम्ही कुठे राहत होता, हे वस्तुस्थितीचे प्रश्न आहेत आणि रिटमध्ये न्यायालय त्यात सहसा शिरत नाही. फार तर आदेश रद्द करून तहसीलदारांकडे परत पाठवेल. प्रांताकडे मात्र तुम्ही याहून जास्त मागू शकता.

म्हणून अपिलात मुद्द्यांचा क्रम जपून लावा. बरेच वकील 'नोटीस नाही' हा मुद्दा सर्वांत वर ठेवतात, कारण तो सर्वांत सोपा आहे. मी तुमच्या मेमोत पहिला मुद्दा ठेवीन तो कलम 155 च्या मर्यादेचा: हक्काचा वाद या कलमाखाली ठरवताच येत नाही, म्हणून आदेश अधिकाराबाहेरचा आहे. दुसरा, नोंदणीकृत दस्त नसताना हक्कसोड मानता येत नाही. तिसरा, नोटीस आणि सुनावणी. क्रमाने फरक पडतो. पहिला मुद्दा मान्य झाला तर आदेश सरळ रद्द होतो, परत पाठवायला काही उरत नाही. फक्त तिसरा मान्य झाला तर प्रकरण त्याच कार्यालयात परत येतं आणि आणखी दोन वर्षं जातात. मागणीतही स्पष्ट लिहा की आदेश रद्द करून नोंद पूर्ववत करावी, आणि फेरचौकशीस पाठवायचं ठरलं तरी दरम्यानच्या काळात अपीलार्थींची नावं उताऱ्यावर कायम ठेवावीत. हे वाक्य आदेशात नसेल तर 'आदेश रद्द, फेरचौकशी करावी' एवढ्यावर तलाठी नावं लावत नाही आणि त्याला दोषही देता येत नाही.

समोरची बाजू कदाचित म्हणेल की आता अपिलात यांचं सगळं ऐकलं, मग आधीची उणीव भरून निघाली. नेहमीच भरून निघत नाही. चार्टर्ड अकाउंटंट्स इन्स्टिट्यूट विरुद्ध एल. के. रत्ना या 1987 साली प्रसिद्ध झालेल्या निकालात हेच म्हटलं आहे की पहिल्या पायरीवरचा अन्याय वरच्या पायरीवरच्या न्यायाने पुरा होत नाही. पहिल्या पायरीवर पुरावा तयार होतो, साक्षी होतात, उलटतपासणी होते. अपिलात तो तयार पुरावा फक्त वाचला जातो.

फेरसुनावणी मिळालीच तर तिथे कसं वागायचं? प्रत्येक तारखेला रोजनाम्यावर सही करा, आणि सही करण्याआधी वर काय लिहिलंय ते वाचा. म्हणणं लेखी द्या, पानांना क्रमांक घाला, यादी जोडा, तुमच्या प्रतीवर शिक्का घ्या. मुदत हवी असेल तर तोंडी मागू नका. तलाठ्याचा अहवाल मागवला असेल तर प्रत मागा. पत्ता बदलला तर लेखी कळवा, आणि पहिल्याच तारखेला नाशिकरोडचा पत्ता आणि मोबाईल नंबर नस्तीवर नोंदवून घ्या, म्हणजे पुन्हा कोणाला माहेरी नोटीस पाठवायची सबब राहणार नाही.

याच प्रश्नाला लागून सध्या नाशिकमध्ये आणखी दोन गोष्टी फार विचारल्या जातात, म्हणून त्याही सांगतो. सिंहस्थाच्या तयारीत रस्ते रुंद होत आहेत, जमिनी घेतल्या जात आहेत. भूसंपादनात हरकतीची मुदत कायद्यानुसार बदलते. 2013 च्या कायद्यात प्राथमिक अधिसूचनेपासून 60 दिवस आहेत, कलम 15 खाली. राष्ट्रीय महामार्ग अधिनियमात कलम 3-सी खाली फक्त 21 दिवस. सुरत-चेन्नई महामार्गाच्या आखणीत जिल्ह्यातली गावं आली तेव्हा कित्येकांना हा फरक मुदत संपल्यावर कळला. हरकतीत नुसतं 'आमची जमीन घेऊ नये' असं न लिहिता पर्यायी आखणी, विहीर, पाइपलाइन, बागेचं वय, उरलेला तुकडा कसण्याजोगा राहतो का, हे लिहा आणि प्रत्यक्ष सुनावणी मागितल्याचं शेवटी स्पष्ट नमूद करा. संमतीने खरेदीखत करून जमीन दिली तर हरकतीचा टप्पाच राहत नाही, तेव्हा सही करण्याआधी हे समजून घ्या. मे 2024 मध्ये कोलकाता महापालिका विरुद्ध बिमल कुमार शहा या निकालात सर्वोच्च न्यायालयाने घटनेच्या अनुच्छेद 300-अ खाली मालमत्ताधारकाचे सात हक्क मोजून दाखवले. त्यातले पहिले तीन म्हणजे नोटीस मिळण्याचा, ऐकून घेतलं जाण्याचा आणि कारणांसह निर्णय मिळण्याचा हक्क.

बांधकाम पाडण्याच्या नोटिशीबाबत 13 नोव्हेंबर 2024 चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल जवळ ठेवा. किमान 15 दिवसांची नोटीस, ती नोंदणीकृत टपालाने आणि बांधकामावर डकवून, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह आदेश आणि आदेशानंतरही 15 दिवसांची मोकळीक, असं त्यात आहे. मात्र रस्ता, पदपथ, रेल्वेलगतची जागा, नदीपात्र किंवा पाणवठा यांवरच्या अनधिकृत बांधकामांना हे संरक्षण नाही. गोदाकाठच्या लोकांनी हा अपवाद नीट वाचावा.

ताई, तुमच्याकडे परत येतो. अपील चालू असताना भाऊ जमीन विकू शकतो, कारण उताऱ्यावर आता तुमचं नाव नाही. महसुली स्थगिती नोंदीपुरती असते, खरेदीखत नोंदवायला ती अडवेलच असं नाही. तेव्हा प्रांताकडे अपील दाखल करताना निफाडच्या दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा टाकायचा का, हे तुमच्या वकिलांशी आताच बोला. हक्काचा निकाल शेवटी तिथेच लागणार आहे. दावा टाकलात तर त्यात तात्पुरत्या मनाईचा अर्ज द्या आणि दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवा, म्हणजे पुढे कोणी जमीन घेतली तरी तो दाव्याच्या निकालाला बांधील राहील. दुसऱ्या बहिणीलाही अपिलात आणि दाव्यात सोबत घ्या. ती सामनेवाली राहिली आणि उद्या भावाने तिच्याकडून हक्कसोडपत्र नोंदवून घेतलं, तर तिचा हिस्सा भावाकडे जाईल आणि लढायला तुम्ही एकट्या उराल. आईचं प्रतिज्ञापत्र मात्र या आठवड्यातच करून घ्या: मुलींनी हक्क सोडलेला नाही, आणि नोटीस घरी आली तेव्हा तुम्ही तिथे राहत नव्हता.